ग्रीन्सबर्गची ती कबर – आर्थर सेंट क्लेअर (१७३७–१८१८)

पायवाट

नमस्कार मंडळी, खूप दिवसांनी धागा काढतोय. मी पिट्सबर्गच्या पूर्वेला राहतो, गेल्या शनिवारी मुलीची बुद्धिबळाची स्पर्धा ग्रीन्सबर्गला होती, तिला आत सोडलं आणि चार तास काय करायचं म्हणून चालत निघालो तर एका बागेत जाऊन पोचलो. नाव सेंट क्लेअर पार्क. तिथे एक अगदी साधं दगडी स्मारक आहे, आणि त्यावर जे कोरलंय ते वाचून पाय हलेनात. मराठीत सांगायचं तर असं की मेजर जनरल आर्थर सेंट क्लेअर यांचा देह या साध्या स्मारकाखाली ठेवला आहे, त्यांच्या देशाकडून जे थोर स्मारक त्यांना देणं होतं त्याच्या जागी हे उभारलंय. दगड सरकारने नाही, फ्रीमेसन बंधूंनी बसवलाय, १८३२ साली. म्हणजे माणूस जाऊन चौदा वर्षं झाल्यावर.

देणं होतं आणि दिलं नाही, हे थेट कबरीवर लिहून ठेवायचं! घरी येऊन वाचायला बसलो ते तीन रात्री वाचतच होतो.

हा मूळचा स्कॉटलंडचा, अगदी उत्तर टोकाला थर्सो म्हणून गाव आहे तिथला. १७५७ मध्ये ब्रिटिश सैन्यातून अमेरिकेत आला, फ्रेंचांशी लढाई चालू होती तेव्हा. लुईबर्गला होता, १७५९ ला क्वेबेकला होता. मग बॉस्टनच्या फीबी बेयर्डशी लग्न केलं, ती मोठ्या घरची, बोडन घराण्याच्या नात्यातली. तिच्या वारशाचा पैसा आणि ह्याची नोकरी यातून लिगोनियर खोऱ्यात, म्हणजे माझ्या घरापासून तासाभरावर, जमिनी घेतल्या, गिरण्या घातल्या, तिथला मोठा जमीनदार आणि न्यायाधीश झाला. स्वातंत्र्ययुद्ध आलं तेव्हा ज्या ब्रिटिश सैन्यात होता त्याच्याच विरुद्ध उभा राहिला. ट्रेन्टन, प्रिन्स्टन दोन्हीकडे वॉशिंग्टनच्या बरोबर होता.

पुढे १७८७ मध्ये तो काँग्रेसचा अध्यक्ष. (आत्ताचं राष्ट्राध्यक्षपद नाही हं, तेव्हा राज्यघटना व्हायची होती, काँग्रेसच्या बैठका चालवणारा अध्यक्ष.) त्या खुर्चीवर बसलेला परदेशात जन्मलेला हा एकटाच. आणि त्याच्याच कारकिर्दीत १३ जुलै १७८७ ला नॉर्थवेस्ट ऑर्डिनन्स मंजूर झाला. ओहायो नदीच्या पलीकडचा सगळा मुलूख, आजचे ओहायो, इंडियाना, इलिनॉय, मिशिगन, विस्कॉन्सिन आणि मिनेसोटाचा तुकडा, हे कायमची वसाहत म्हणून न ठेवता त्यातून बरोबरीच्या हक्काची नवी राज्यं करायची हे त्या कायद्याने ठरवलं. आणि त्या मुलखाचा पहिला गव्हर्नर कोण, तर हाच. १७८८ च्या जुलैत मॅरिएटाला पोचला आणि १८०२ पर्यंत चौदा वर्षं होता.

एवढं सगळं करूनही अमेरिकन इतिहासात त्याचं नाव निघतं ते एकाच गोष्टीसाठी, ४ नोव्हेंबर १७९१ ची सकाळ. त्याबद्दल मी लिहितोच, पण आधी विचारतो, इथे कोणी याच्याबद्दल वाचलंय का? मला तरी वाटतं की या माणसावर अन्याय झालाय.

नदीपल्याड

पायवाटदादा, मी सिनसिनाटीत राहते, अकरा वर्षं झाली. आमच्या गावाचं नावच ह्या बाबाने ठेवलंय! आधी गावाला लोसँटिव्हिल म्हणायचे, ते नाव एका शिक्षकाने, जॉन फिल्सनने, कुठल्या कुठल्या भाषांचे तुकडे जोडून केलेलं, लिकिंग नदीच्या मुखासमोरचं गाव असा काहीतरी अर्थ. १७९० च्या जानेवारीत सेंट क्लेअर आला आणि त्याला ते नाव अजिबात आवडलं नाही, त्याने बदलून सिनसिनाटी केलं. स्वातंत्र्ययुद्धातल्या अधिकाऱ्यांची सोसायटी ऑफ द सिनसिनाटी म्हणून संघटना होती, हा तिच्या पेनसिल्व्हेनिया शाखेचा अध्यक्ष होता. त्या संघटनेचं नाव रोमन सिनसिनेटसवरून, जो शेत सोडून लढायला गेला आणि जिंकून परत नांगर धरायला आला.

आमच्या काउंटीला हॅमिल्टन हे नावही त्याच सुमाराला त्यानेच दिलं. आणि इलिनॉयमध्ये सेंट क्लेअर काउंटी आहे ती स्थापन करताना चक्क स्वतःचंच नाव दिलं. त्या मुलखाच्या नकाशावर जिकडे बघावं तिकडे ह्याचं बोट फिरलेलं आहे, पण माझ्या मुलाच्या शाळेत अर्धं पान पण नाहीये त्याच्यावर. पुढचं लिहा लवकर.

तिखटमीठ

वाचतोय. एक बेसिक प्रश्न, हा गव्हर्नर म्हणजे आपल्या राज्यपालासारखा का?

पायवाट

@तिखटमीठ, नाही, त्याहून कितीतरी जास्त अधिकार. काँग्रेसने (नवी राज्यघटना आल्यावर राष्ट्राध्यक्षाने) नेमलेला, तीन वर्षांची मुदत, स्वतःच्या नावावर त्या मुलखात १००० एकर जमीन असली पाहिजे अशी अट. तो आणि तीन न्यायाधीश मिळून कायदे करणार, म्हणजे नवे कायदे रचायचे नाहीत, जुन्या राज्यांच्या कायद्यातले निवडून लागू करायचे. काउंटी तो पाडणार, न्यायदंडाधिकारी तो नेमणार, मिलिशियाचा (म्हणजे स्थानिक नागरिकांची फौज) प्रमुख तो, शिवाय इंडियन (अमेरिकेतले मूळ रहिवासी) टोळ्यांशी वाटाघाटीचं कामही त्याच्याकडे. ५००० प्रौढ स्वतंत्र पुरुष झाले की मग निवडून दिलेली सभा, आणि तिच्यावरही गव्हर्नरचा पूर्ण व्हेटो, तो मोडून काढायची सोयच नाही. ६०,००० लोकसंख्या झाली की राज्य. आपल्याकडे सुभेदार म्हणायचे तसं काहीसं धरा, पण हुकूम लांबून येणारा आणि पत्र पोचायला आठवडे लागणारे.

आता ४ नोव्हेंबर. त्याच्या आदल्या वर्षी जनरल हार्मर मायामी जमातीच्या गावांवर चाल करून गेला आणि मार खाऊन आला. म्हणून १७९१ मध्ये गव्हर्नर सेंट क्लेअरलाच मेजर जनरल करून मोठी फौज द्यायचं ठरलं. जुलैपर्यंत सगळं जमायला हवं होतं. सप्टेंबर उजाडला तरी माणसं, घोडे, धान्य काही पूर्ण नाही. तरी निघाले. हॅमिल्टनचा किल्ला बांधला, मग जेफरसनचा, जंगल तोडत तोडत दिवसाला पाच सहा मैल. थंडी पडली, गवत करपलं, घोडे मरायला लागले. सहा महिन्यांच्या बोलीवर घेतलेल्या लोकांची मुदत वाटेतच संपत आली, ते परत चालले. ऑक्टोबरच्या शेवटी साठेक मिलिशियावाले पळाले, ते वाटेत रसदीचा तांडा लुटतील म्हणून सेंट क्लेअरने फर्स्ट रेजिमेंट मागे पाठवली, आणि तीच त्याची एकमेव मुरलेली पलटण होती. स्वतःला गाऊट (सांध्यांचं दुखणं) इतका की घोड्यावर बसवेना, कधी कधी डोलीत घालून न्यायचे.

३ नोव्हेंबरला संध्याकाळी वाबाश नदीच्या उगमाजवळ तळ पडला, १४०० च्या आसपास लोक. तळाला कसलीही तटबंदी केली नाही, दमले होते म्हणून उद्या करू म्हणाले. रात्री कॅप्टन स्लो काही माणसं घेऊन टेहळणीला गेला, त्याला अंधारात शत्रूच्या मोठ्या टोळ्या सरकताना दिसल्या, त्याने ते फौजेतल्या दोन नंबरच्या जनरल बटलरला सांगितलं, आणि बटलरने सेंट क्लेअरला सांगितलंच नाही. दोघांचं पटत नव्हतं. पहाटे हल्ला झाला. तीन तासात ६०० च्या वर सैनिक मेले, जखमी धरून आकडा ९०० च्या घरात. बटलरही मेला. सेंट क्लेअरच्या कपड्यातून आठ गोळ्या गेल्या, त्याची घोडी एकामागून एक पडली. शेवटी तोफा, तंबू सगळं टाकून २९ मैल मागे जेफरसनच्या किल्ल्यापर्यंत पळत आले. कस्टरचा लिटल बिगहॉर्न (१८७६ चा इंडियनांकडून झालेला पराभव) सगळ्यांना माहीत, तिथे मेले त्याच्या दुपटीहून जास्त इथे मेले.

सुभेदार_निवृत्त

पायवाट, छान लिहिता. मी सव्वीस वर्षं आर्मी सर्व्हिस कोअरमध्ये काढली, रेशन आणि वाहतूक हेच आयुष्य, त्यामुळे तुमची पोस्ट वाचून माझं लक्ष लढाईपेक्षा आधीच्या तीन महिन्यांकडेच गेलं. एक सांगतो, फौज शत्रूसमोर हरायच्या आधी डेपोत हरते. तुम्ही लिहिलेली प्रत्येक गोष्ट, चारा नाही, मुदत संपलेली माणसं, रसदीच्या रक्षणाला चांगली तुकडी मागे पाठवणं, हे एकाच रोगाचं लक्षण आहे. चांगला कमांडर आपली सर्वात भरवशाची पलटण रसदीमागे धाडत नाही, धाडावी लागली म्हणजे पोटाचा प्रश्न इतका टोकाला गेला होता. कंत्राटदार कोण होता ते बघा. तिथे सापडेल.

पण तटबंदी न करणं हे मात्र कमांडरचंच. माणसं दमली असली तरी संध्याकाळी आधी आडोसा आणि पहारा, मग चूल. त्यात सूट नसते. आणि खालच्या अधिकाऱ्याने खबर दाबली म्हणता, तर ती खबर थेट येईल अशी व्यवस्था ठेवणं हेही वरच्याचंच काम.

पायवाट

@सुभेदारसाहेब, तुम्ही म्हणालात तिथेच सापडलं! कंत्राटदार विल्यम ड्यूअर, न्यूयॉर्कचा बडा सट्टेबाज, युद्धमंत्री नॉक्सचा दोस्त आणि जमिनीच्या धंद्यातला भागीदार. फौजेच्या रसदीसाठी दिलेला पैसा त्याने स्वतःच्या उद्योगात फिरवला. क्वार्टरमास्टर सॅम्युएल हॉजडन, त्याच्या नावावर वाईट दारूगोळा, गळके तंबू, फाटके जोडे. मार्च १७९२ मध्ये ड्यूअर बुडाला, बाजारात हाहाकार झाला, तो कर्जापायी तुरुंगात गेला आणि १७९९ ला मरेपर्यंत त्यातून काही मोकळा झाला नाही.

आणि त्याच मार्चमध्ये प्रतिनिधी सभेने या पराभवाची चौकशी समिती नेमली. काँग्रेसने सरकारी कारभाराची केलेली ही पहिली चौकशी. समितीने युद्ध खात्याकडे कागद मागितले तेव्हा वॉशिंग्टनने मंत्र्यांना बोलावून विचारलं की द्यायचे का नाही, आणि ठरलं की जनहिताला धोका असेल ते कागद राष्ट्राध्यक्ष रोखू शकतो पण हे देऊया. आज अमेरिकेत राष्ट्राध्यक्ष विरुद्ध काँग्रेस असा कागदांचा वाद झाला की वकील लोक या प्रसंगापर्यंत मागे जातात.

मे मध्ये अहवाल आला, दोष रसदीचा, खात्याचा, कंत्राटदाराचा. सेंट क्लेअर निर्दोष. पण तोपर्यंत वॉशिंग्टनने त्याचा लष्कराचा राजीनामा घेतलेला होता. त्याने विनवलं होतं की चौकशी होईपर्यंत पदावर राहू द्या, ते ऐकलं नाही. गव्हर्नरपद तेवढं राहिलं.

त्याच्या आयुष्यात हे दुसऱ्यांदा झालं बघा. १७७७ ला टिकॉन्डेरोगाचा किल्ला त्याच्याकडे होता, ब्रिटिश जनरल बरगॉइनने शेजारच्या डोंगरावर तोफा चढवल्या, किल्ला टिकणार नाही हे दिसल्यावर त्याने ५ जुलैच्या रात्री फौज गुपचूप बाहेर काढली. देशभर शिव्या पडल्या. कोर्ट मार्शल झालं, त्यात १७७८ ला सन्मानाने सुटला. ती वाचलेली माणसं पुढे बरगॉइनविरुद्धच्या लढाईला उपयोगी पडली आणि ऑक्टोबरात साराटोगाला बरगॉइन शरण आला. पण नाव चिकटलं ते किल्ला सोडणारा म्हणूनच.

गोदाकाठ

इतिहासाची शिक्षिका आहे, त्यामुळे राहवेना. १७९१ हे साल वाचल्यावर डोळ्यासमोर दुसरीच फौज आली. १७८१ ला यॉर्कटाउनला अमेरिकनांना शरण गेलेला ब्रिटिश सेनापती कॉर्नवॉलिस (तेव्हा सेंट क्लेअर वॉशिंग्टनच्या फौजेत तिथेच होता) १७८६ पासून आपल्याकडे गव्हर्नर जनरल. १७९१ च्या मे महिन्यात तो टिपूवर चालून श्रीरंगपट्टणच्या दारात पोचला आणि काय झालं? धान्य संपलं, बैल मेले, स्वतःच्या वेढ्याच्या तोफा फोडून परत फिरावं लागलं. अगदी तेच संकट. फरक एवढाच की माघारीच्या वाटेवर त्याला हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ पटवर्धनांच्या मराठी फौजा भेटल्या, आणि त्यांच्याबरोबर भरलेला लष्करी बाजार. धान्य, कापड, जनावरं, सगळं विकत मिळत होतं, भाव चढे होते पण मिळत होतं. इंग्रजांनी स्वतः लिहून ठेवलंय ते. पुढच्या वर्षी तोच कॉर्नवॉलिस जिंकला आणि तह करून मोकळा झाला. सेंट क्लेअरला त्याच साली ओहायोच्या जंगलात असा बाजार कुठून भेटणार!

आपण बाजारबुणगे हा शब्द किती हिणवून वापरतो. सुभेदारसाहेब, तुम्हीच सांगा त्यांची किंमत.

सुभेदार_निवृत्त

गोदाकाठताई, वंजाऱ्यांच्या तांड्याशिवाय दख्खनमध्ये कोणतीही मोठी मोहीम झालेली नाही. बाजारबुणगे म्हणून ज्यांना नावं ठेवली त्यातल्याच लोकांनी फौजा जगवल्या. बाकी तुम्ही म्हणालात ते शंभर टक्के.

रानवारा

सगळं वाचलं. लेखन उत्तम आहे यात वाद नाही, पण इतक्या प्रतिसादांत मला एक गोष्ट सलतेय. रसद नव्हती, कंत्राटदार चोर होता, बटलरने खबर दाबली, म्हणून "पराभव झाला". अहो, समोर कोणीतरी जिंकलं ना? मायामी लोकांचा लिटल टर्टल (मिशिकिनाक्वा), शॉनींचा ब्लू जॅकेट, डेलावेअर म्हणजे लेनापे, आणि आणखी कितीतरी जमातींचे मिळून हजार एक योद्धे. त्यांनी महिनाभर त्या फौजेचा माग ठेवला, कुठे तळ पडतोय, किती लोक पळाले, चांगली पलटण कधी मागे गेली हे सगळं त्यांना ठाऊक होतं. पहाटे अर्धचंद्रासारखा वेढा टाकला, आधी नदीपलीकडच्या मिलिशियाला उधळलं म्हणजे ते पळत येऊन मुख्य तळातच गोंधळ करतील, मग तोफांवरचे गोलंदाज टिपले. त्यांची स्वतःची माणसं गेली वीस पंचवीस. हे नशीब नाही, हे लष्करी कौशल्य आहे.

आणि ते का लढत होते? ज्या ऑर्डिनन्सचं कौतुक झालं त्याच्याच तिसऱ्या कलमात लिहिलंय की इंडियनांशी कायम पूर्ण सद्भावनेने वागावं, त्यांच्या संमतीशिवाय त्यांची जमीन कधीही घेऊ नये. त्यावर दीड वर्ष होतं न होतं तोच जानेवारी १७८९ ला सेंट क्लेअरने फोर्ट हार्मरला तह केला, काही थोडे प्रतिनिधी बोलावून, थोडा माल देऊन, आधीच्या तहात हिसकावलेली जमीन पक्की करून घेतली. ज्यांच्या जमिनी होत्या त्यातले बरेच जण तिथे नव्हतेच. त्यांना ओहायो नदी हीच सीमा हवी होती. अन्याय झालाय म्हणताना तो कोणावर कोणावर झाला हे पण मोजूया.

पायवाट

@रानवारा, पटलं. खरंच पटलं. मी धाग्याच्या पहिल्या पोस्टमध्ये "मुलूख" असं लिहिलं जणू तो रिकामाच होता, ते मला आधी लक्षात यायला हवं होतं. तह करताना सेंट क्लेअर जमातींना एकमेकांपासून वेगळं पाडायचा प्रयत्न करत होता, वरून तशाच सूचना होत्या, हेही वाचलंय. त्यात तो निव्वळ बळी नव्हता.

गुलामगिरीबद्दल पण लिहितो म्हणजे एकतर्फी राहणार नाही. ऑर्डिनन्सच्या सहाव्या कलमाने तिथे गुलामगिरीला बंदी. सेंट क्लेअरने अर्थ असा लावला की बंदी पुढे आणायला आहे, जे आधीपासून आहेत ते राहतील. कारण इलिनॉयमधल्या कास्कास्कियाकडचे फ्रेंच वसाहतवाले गुलाम घेऊन मिसिसिपीच्या पलीकडे स्पॅनिश हद्दीत निघून चालले होते. सोयीचा अर्थ. त्यापायी त्या भागात कित्येक माणसं पुढे पिढीभर गुलामच राहिली.

नदीपल्याड

आणि शेवटची काही वर्षं तर इथल्या लोकांनाही तो नकोसा झाला होता, आमच्याकडच्या ओहायोच्या इतिहासात तो जवळजवळ खलनायकच असतो. १७९९ ला पहिली निवडलेली सभा भरली तर ह्याने त्यांची अकरा विधेयकं व्हेटो केली. नवीन काउंटी पाडायचा हक्क माझा, तुमचा नाही, असं त्याचं म्हणणं. त्याच सभेने काँग्रेसमध्ये पाठवायचा प्रतिनिधी निवडला तेव्हा ह्याचा मुलगा उभा होता, ११ विरुद्ध १० मतांनी पडला, आणि निवडून आला तो विल्यम हेन्री हॅरिसन! जो वर्षभरात इंडियाना टेरिटरीचा गव्हर्नर आणि १८४१ मध्ये राष्ट्राध्यक्ष. एका मताने बघा.

सेंट क्लेअर फेडरलिस्ट (जेफरसनच्या विरोधातला पक्ष), आणि चिलिकोथीचे वर्दिंग्टन, टिफिन वगैरे जेफरसनच्या बाजूचे, त्यांना लवकर राज्य हवं होतं. हा म्हणे लोक अजून तयार नाहीत. टेरिटरीचे असे तुकडे पाडायचा घाट घातला की कुठलाच भाग राज्य होण्याइतका भरू नये. नोव्हेंबर १८०२ ला घटना समितीसमोर भाषण केलं की राज्य करण्याबद्दलचा काँग्रेसचा कायदाच आमच्यावर बंधनकारक नाही, आणि त्यानंतर राष्ट्राध्यक्ष जेफरसनने काढून टाकलं. पत्र परराष्ट्रमंत्री मॅडिसनच्या सहीचं, आणि ते पाठवलं कोणामार्फत, तर ह्याच्याच हाताखालच्या सेक्रेटरीमार्फत.

ह्याच्या व्हेटोचा लोकांनी इतका धसका घेतला होता की ओहायोच्या नव्या घटनेत गव्हर्नरला व्हेटोच दिला नाही. तो मिळाला थेट १९०३ मध्ये. म्हणजे शंभर वर्षं!

तिखटमीठ

पण ६०,००० ची अट होती ना? १८०० च्या जनगणनेत ओहायोचे ४५,००० च होते असं आत्ता शोधलं. मग तो नियमाने बरोबरच बोलत होता की!

गोदाकाठ

तिखटमीठ, मलाही आधी तसंच वाटलं, पण ऑर्डिनन्सचं पाचवं कलम पूर्ण वाचलं तर त्यातच पुढे म्हटलंय की सर्वसाधारण हिताला धरून असेल तर ६०,००० पेक्षा कमी असतानाही राज्य करता येईल. काँग्रेसने ती वाट घेतली. जो कायदा त्याच्याच अध्यक्षपदाखाली मंजूर झाला त्याचं हे वाक्य त्याला माहीत नसणं शक्य नाही.

पायवाट

गोदाकाठताई, हे वाक्य माझ्या नजरेतून सुटलं होतं. आभार.

गव्हर्नर म्हणून तो हट्टी होता, माणसं ओळखण्यात कच्चा होता, लोकांवर विश्वास नव्हता, हे सगळं मान्य. तरी त्याचा शेवट वाचवत नाही हो. काढून टाकल्यावर लिगोनियरला परत आला. युद्धात पलटणीसाठी खिशातून घातलेले पैसे काँग्रेसकडे मागितले तर मुदत टळली म्हणून नाकारले. १७९१ च्या मोहिमेत पैसे पोचेनात तेव्हा रसद अडू नये म्हणून ह्याने स्वतःच्या सहीने हमी दिली होती, ती वसुली ह्याच्यावरच आली. एवढी जमीन, गिरण्या, लोखंडाची भट्टी, हर्मिटेज नावाचं घर, सगळं १८१० मध्ये लिलावात गेलं, तेही मंदीच्या दिवसात मातीमोल भावाने. मग चेस्टनट रिजच्या डोंगरावर रस्त्याकडेला एका लाकडी खोपटात राहिला, बायको, मुलं बरोबर. ये-जा करणाऱ्या गाडीवाल्यांना खाणंपिणं विकायचा. १८१३ ला पेनसिल्व्हेनियाने वर्षाला ४०० डॉलर लावून दिले. ऑगस्ट १८१८ मध्ये सामान आणायला गाडीतून निघाला, खराब रस्त्यात गाडीतून पडला, बेशुद्ध सापडला आणि ३१ तारखेला गेला. ऐंशी उलटलेली होती. थोड्याच दिवसात फीबीही गेली. वारसांना काँग्रेसने काही रक्कम दिली ती १८५७ मध्ये.

सुभेदारसाहेब, फौजेची रसद अडू नये म्हणून कमांडरने स्वतःच्या घरादारावर सही करायची, हे तुम्ही कधी पाहिलंय?

सुभेदार_निवृत्त

नाही. सही माझीही असायची, पण ती सरकारच्या नावाने. मी त्याला तटबंदीवरून बोललो ते मागे घेत नाही. पण ह्या एका गोष्टीसाठी त्याला सॅल्यूट.

रानवारा

माझाही. आणि पायवाट, एक करा. लिगोनियर झालं की त्या लढाईच्या जागी पण जाऊन या, फोर्ट रिकव्हरी म्हणून गाव आहे आता. पुढचा सेनापती अँथनी वेनने १७९३ च्या डिसेंबरात तिथे किल्ला बांधला तेव्हा जमिनीवर नुसती हाडं पसरलेली होती, ती गोळा करून पुरली आणि मग किल्ला. १७९४ ला फॉलन टिंबर्सची लढाई वेनने जिंकली, १७९५ ला ग्रीनव्हिलचा तह, आणि लिटल टर्टलने त्यावर सही केली. ज्याने तीन तासात अख्खी फौज संपवली होती त्याला चार वर्षात बहुतेक सगळं ओहायो सोडून द्यावं लागलं.

नदीपल्याड

पायवाटदादा, आमच्याकडे उतरा ना मग! सिनसिनाटीहून १२७ नंबरच्या रस्त्याने गेलं की आधी हॅमिल्टन, मग ईटन (तिथे फोर्ट सेंट क्लेअर होता), पुढे ग्रीनव्हिलच्या अलीकडे फोर्ट जेफरसनची जागा, म्हणजे जवळजवळ त्याच फौजेच्या वाटेने. हॅमिल्टनहून त्यांना जायला महिना लागला, आपल्याला घरून सगळे मिळून दोन तास. मुलीलाही आणा, माझा मुलगा पण बुद्धिबळ खेळतो.

पायवाट

येतो ताई, नक्की येतो. ४ नोव्हेंबरच्या आसपासचा शनिवार धरूया, पानगळ झालेली असेल, म्हणजे नदीपलीकडून तळ कसा दिसत असेल ते कळेल. रानवारा, तुम्ही कुठे असता? जवळपास असाल तर तुम्हीही या, लिटल टर्टलच्या बाजूने ती जागा तुम्हीच दाखवा.